नेपाळच्या फायलींवर तारीख टाका : महाराष्ट्रातील खासदारांना खुले पत्र

प्रति,
लोकसभेतील ४८ आणि राज्यसभेतील १९ सन्माननीय सदस्य,
महाराष्ट्र राज्य

स. न. वि. वि.

नेपाळचा विषय निघाला की आपल्याकडे दोनच रेकॉर्डी वाजतात. एक रोटी-बेटीच्या नात्याची, दुसरी 'नेपाळ चीनच्या कच्छपी लागला' ही. या पत्रात दोन्ही नाहीत. कस्टम क्लिअरिंग, कंटेनर वाहतूक, खाद्यतेल आणि वीजखरेदी या धंद्यांतली आम्ही माणसे आहोत आणि नेपाळशी आमचा संबंध कागदपत्रांतून येतो. त्या कागदपत्रांत जे दिसते ते दिल्लीच्या भाषणांत फारसे येत नाही.

आमचे म्हणणे असे. भारताची नेपाळवरची आजची पकड ही परवानग्यांची पकड आहे. कांदा सुटणार का, वीज विकता येणार का, विमान कोणत्या बाजूने आत येणार, कंटेनर कधी हलणार, हे दिल्ली ठरवते. केव्हा ठरवले आणि का, हे बहुतेक वेळा कुठे लिहिलेले नसते. ही पकड जेव्हा जेव्हा आवळली गेली तेव्हा नेपाळने महागातला का होईना, दुसरा रस्ता शोधला, आणि आपली गेलेली जागा आपल्याला पुरती परत मिळाली नाही. या परवानग्यांना मुदत, लेखी कारण आणि दाद मागण्याची सोय असावी, यासाठी आपण संसदेत आणि स्थायी समित्यांत भांडावे, एवढी आमची मागणी आहे.

कांद्यापासून सुरुवात करतो, कारण तो नाशिकचा आहे.

७ डिसेंबर २०२३ रोजी विदेश व्यापार महासंचालनालयाची अधिसूचना निघाली आणि दुसऱ्या दिवसापासून कांद्याची निर्यात बंद झाली. त्याआधी ऑगस्टमध्ये ४० टक्के निर्यात शुल्क बसलेच होते. लासलगाव-पिंपळगावला लिलाव बंद पडले, रास्ता रोको झाले, ते सगळे आपल्याला ठाऊक आहे. सीमेपलीकडे काय झाले ते कमी लोकांना ठाऊक आहे. नेपाळात कांदा पिकतो तो गरजेच्या मानाने थोडा. बाकीचा जवळजवळ सगळा भारतातून जातो. ट्रक थांबले तसा काठमांडूच्या कालीमाटी बाजारात चिनी कांदा आला. आकाराने मोठा, पाणचट, फोडणीत फारसा उतरत नाही, नेपाळी गृहिणीलाही तो आवडत नाही. पण तो आला, त्याचे आडते तयार झाले, उत्तरेकडच्या घाटातून तो आणणारे ट्रकवाले तयार झाले. एप्रिल २०२४ च्या शेवटी केंद्राने सहा देशांसाठी मिळून ९९,१५० टन कांद्याला मुभा दिली : बांगलादेश, संयुक्त अरब अमिराती, भूतान, बहारीन, मॉरिशस आणि श्रीलंका. यादीत नेपाळ नव्हता. बंदी उठली ४ मे रोजी, तीही टनाला ५५० डॉलर किमान दर आणि ४० टक्के शुल्क ठेवून. शुल्क पूर्ण जायला १ एप्रिल २०२५ उजाडले.

आता याच्या शेजारी मालदीव ठेवून पाहा. मालदीवबरोबर १९८१ चा व्यापार करार आहे आणि त्यानुसार जीवनावश्यक वस्तूंचा वार्षिक कोटा अधिसूचनेने जाहीर होतो. 'इंडिया आउट'च्या घोषणेवर निवडून आलेले मुइझ्झू सरकार मालेत बसले होते, भारतीय सैनिकांना परत पाठवण्याची बोलणी चालू होती, आणि त्याच एप्रिल २०२४ मध्ये मालदीवसाठी २०२४-२५ चा कोटा निघाला. त्यात कांदा ३५,७४९ टन. तेव्हा संबंध तळाला गेलेले होते, पण कागद करारातला असल्याने माल गेला. ज्या देशाशी साडेसतराशे किलोमीटरची उघडी सीमा आहे त्या नेपाळला मात्र दर वेळी विनंतीपत्र लिहावे लागते. बिगर-बासमती तांदळाच्या बंदीनंतर ऑक्टोबर २०२३ मध्ये ९५,००० टन मिळाले, ते असेच अर्ज-विनंत्या करून.

मालदीवसारखा वार्षिक कोटा नेपाळलाही लावायला अडचण काय, हे आम्हाला कळलेले नाही. बंदी असतानाही हक्काचा एक गिऱ्हाईक उघडा राहिला तर फायदा नाशिक-नगर-पुण्याच्या शेतकऱ्याचाच आहे. आणि खरे सांगायचे तर सीमा उघडी असताना बंदी पाळली जाते ती कागदावर. सायकलच्या कॅरिअरला दोन पोती बांधून बिहारच्या सीमेवरच्या रक्सौलच्या आडवाटांनी कांदा जातोच. फक्त त्याचा पैसा शेतकऱ्याकडे येत नाही.

नियम लेखी झाले की काय होते, याचे उदाहरण आमच्या धंद्यातच आहे, आणि त्याची बातमी मराठी वर्तमानपत्रांत आम्हाला तरी दिसली नाही.

नेपाळचा समुद्रमार्गे येणारा माल कोलकाता, हल्दिया किंवा विशाखापट्टणमला उतरतो. जुनी पद्धत अशी : आयातदाराचा दलाल कोलकात्यात कस्टम ट्रान्झिट डिक्लरेशन, म्हणजे भारतातून पुढे जाणाऱ्या मालाचा कस्टमचा कागद, भरणार. त्याला बिल ऑफ लेडिंग (जहाज कंपनीची मालपावती), इन्व्हॉइस, पॅकिंग लिस्ट, बँकेचे पतपत्र आणि विमा जोडायचा. कस्टम अधिकारी सील तपासणार, प्रतीवर शेरा मारणार. एक प्रत मालाबरोबर रक्सौलला, तिथे सील आणि क्रमांक पुन्हा जुळवायचे, शिक्का घ्यायचा, आणि शिक्क्याची प्रत परत कोलकात्याला पोचली की मगच प्रकरण मिटणार. यात घोडे अडते कुठे? सीलच्या क्रमांकातला एक अंक चुकला, किंवा बिल ऑफ लेडिंगवर कंपनीचे नाव 'ट्रेडर्स' आणि पतपत्रावर 'ट्रेडिंग' असले, की दुरुस्ती शिपिंग लाइनच्या कार्यालयातून करून आणायची. मध्ये शनिवार-रविवार आला तर तो गेलाच. तोवर बंदराचे फुकटचे दिवस संपून भाडे चालू होते, आणि कंटेनर वेळेत रिकामा परत आला नाही म्हणून लाइनचा दंड वेगळा, तोही डॉलरमध्ये. मालाच्या किमतीपेक्षा दंड मोठा, असे किरकोळ व्यापाऱ्यांच्या बाबतीत होई आणि ते कंटेनर सोडूनच देत.

२०१७ पासून प्रायोगिक आणि पुढे नेहमीची झालेली पद्धत साधी आहे. बिल ऑफ लेडिंग थेट वीरगंजपर्यंतचे, म्हणजे रक्सौलसमोरच्या नेपाळी शहरापर्यंतचे, काढायचे. बंदरात कंटेनरला इलेक्ट्रॉनिक सील लागते. वाटेत ते उघडले किंवा गाडी रेंगाळली तर दोन्ही बाजूंच्या कस्टमला इशारा जातो. कोलकात्यात दलालाची गरज नाही, ट्रान्झिट डिक्लरेशन नाही. सुमारे ७०० किलोमीटर रेल्वेने जाऊन कंटेनर वीरगंजजवळच्या सिर्सिया ड्राय पोर्टला (जमिनीवरच्या कंटेनर बंदराला) उतरतो आणि कस्टम एकदाच, तिथे होते. जुलै २०२१ मध्ये रेल्वे कराराला जोडपत्र झाले आणि कॉनकॉर या सरकारी कंटेनर कंपनीखेरीज परवानाधारक खासगी कंटेनर गाड्यांनाही मार्ग मोकळा झाला. नोव्हेंबर २०२५ मध्ये जोगबनी-विराटनगर मार्गही कंटेनर आणि सुट्या मालासाठी खुला करण्याचे ठरले.

अडचणी उरल्या आहेतच. गाडी भरायला वीस फुटी ९० कंटेनर लागतात. तेवढे जमेपर्यंत पहिला आलेला कंटेनर बसून राहतो. कोलकाता नदीवरचे बंदर, गाळाचे. मोठी जहाजे येत नाहीत, माल कोलंबो किंवा सिंगापूरहून छोट्या जहाजाने येतो. विशाखापट्टणमला पाणी खोल आहे, पण रेल्वेचे अंतर जवळपास दुप्पट. तरीही हा बदल नेपाळी व्यापाऱ्याच्या मनात भारताबद्दल जे करून गेला ते कुठल्या अनुदानाने झाले नसते. कारण तिथे आता कोणाच्या मर्जीचा प्रश्न नाही.

मर्जीचा इतिहास मोठा आहे. २३ मार्च १९८९ ला व्यापार आणि ट्रान्झिटचे करार संपले. नेपाळने आदल्या वर्षी चीनकडून शस्त्रे घेतली होती, त्यावरून दिल्ली नाराज होती. रक्सौल आणि जोगबनी ही दोन नाकी सोडून बाकीची बंद झाली आणि वर्षभराहून अधिक तशीच राहिली. त्या टंचाईच्या काळातच तिथे आंदोलन उभे राहिले आणि राजाची पक्षविरहित पंचायत राजवट गेली, त्यामुळे भारतातल्या अनेकांना वाटले की दाबले तर चालते.

२०१५ साली ते चालले नाही. एप्रिलमध्ये भूकंप होऊन सुमारे नऊ हजार माणसे गेली होती. २० सप्टेंबरला राज्यघटना जाहीर झाली, तराईतल्या मधेशींचा तिला विरोध होता आणि त्या विरोधात तथ्यही होते. रक्सौल-वीरगंजच्या मितेरी पुलावर धरणे धरले गेले. 'नाकेबंदी आमची नाही, ट्रकवालेच भीतीने थांबले आहेत', असे भारताने शेवटपर्यंत सांगितले. पण जिथे धरणे नव्हते त्या नाक्यांवरूनही टँकर नेहमीच्या संख्येने सुटत नव्हते, आणि हे टँकरच्या रांगा मोजणाऱ्या प्रत्येकाला दिसत होते. फेब्रुवारी २०१६ पर्यंत हे चालले. काठमांडूत १४.२ किलोच्या सिलिंडरमध्ये ७.१ किलो गॅस भरून वाटला गेला. हिवाळ्यात, पडक्या घरांत राहणाऱ्या लोकांना. अर्धा सिलिंडर हातात घेतल्यावर कसा हलका लागतो ते तिथल्या एका पिढीला ठाऊक आहे, आणि सप्टेंबर २०२५ मध्ये जे तरुण रस्त्यावर उतरले, ज्यांच्यामुळे पंतप्रधान ओलींचे सरकार पडून सुशीला कार्की यांचे अंतरिम सरकार आले, त्यांतले पुष्कळजण तेव्हा शाळेत होते. त्यांना भारत-नेपाळ मैत्रीचा १९५० चा करार माहीत नसेल. अर्धा सिलिंडर माहीत आहे.

नाकेबंदीनंतर नेपाळने काय केले? मार्च २०१६ मध्ये चीनशी ट्रान्झिट करार, एप्रिल २०१९ मध्ये त्याचा तपशील : तिआनजिन, शेनझेन, लिआनयुनगांग आणि झानजिआंग ही चार बंदरे, शिवाय लान्झोउ, ल्हासा आणि शिगात्से ही तीन कोरडी बंदरे. दिल्लीत यावर हसण्यात आले आणि हिशेबाने हसणे बरोबरच होते. तिआनजिन तीन हजार किलोमीटरहून दूर, मध्ये तिबेटचे पठार. वर वाट कशी, तर ८ जुलै २०२५ च्या भोटेकोशीच्या पुराने चीनच्या सीमेवरच्या रसुवागढीचा मितेरी पूलच वाहून नेला आणि तिथे उभ्या असलेल्या गाड्याही गेल्या. चीनचा रस्ता भारताची जागा घेऊ शकत नाही, हे आमच्याइतके कोणाला माहीत नसेल.

पण नेपाळने त्या रस्त्याखेरीज आणखी एक वाट काढली, आणि तिच्याकडे इथे कोणी पाहिले नाही. पेट्रोल अडवता येते, तर पेट्रोलच कमी लागेल असे करायचे. पेट्रोलच्या मोटारींवर जबर कर, बॅटरीच्या मोटारींवर त्यामानाने किरकोळ, आणि वीज घरची, पाण्याची. गेल्या एक-दोन वर्षांत नेपाळात आयात होणाऱ्या प्रवासी मोटारींपैकी सुमारे सत्तर टक्के विजेवर चालणाऱ्या आहेत आणि त्यांतल्या बहुसंख्य चिनी. रांजणगावला बनणारी टाटा नेक्सॉन सुरुवातीला काठमांडूत चांगली चालत होती. आज त्याच रस्त्यांवर बीवायडी आणि तिच्या भावंडांची रांग आहे.

याच काळात भारताने एक चांगले काम केले, ते सांगायला हवे. बिहारातले मोतिहारी ते नेपाळातले अमलेखगंज ही ६९ किलोमीटरची तेलवाहिनी सप्टेंबर २०१९ मध्ये सुरू झाली, ठरलेल्या मुदतीच्या निम्म्या वेळात. वर्षाला २० लाख टनांची क्षमता. टँकरच्या रांगा, वाटेतली गळती आणि चोरी, पुलावरची अडवणूक, सगळे एका नळीने संपवले. दर महिन्याच्या १ आणि १६ तारखेला इंडियन ऑइलचे दरपत्रक नेपाळ ऑइल निगमला जाते. भाव वाढला तर तक्रार होते, पण भाव कधी कळणार याबद्दल तक्रार नाही. आता सिलिगुडी ते झापातल्या चारआलीपर्यंत आणि अमलेखगंजच्या पुढे चितवनमधील लोथरपर्यंत वाहिन्या नेण्याचा करार झाला आहे. गॅस मात्र अजून बुलेट टँकरनेच जातो.

आता वीज. इथे आमचे सर्वात जास्त काम आणि सर्वात जास्त डोकेदुखी.

नेपाळातले बहुतेक प्रकल्प वाहत्या पाण्यावरचे, साठा नसलेले. जून ते नोव्हेंबर वीज उतू जाते, हिवाळ्यात उत्पादन तिसऱ्या हिश्श्याच्या आसपास येते आणि तेव्हा नेपाळ आपल्याकडून वीज घेतो. मुख्य मार्ग ढल्केबर-मुझफ्फरपूर ही ४०० केव्हीची वाहिनी. वीज विकायची तर प्रत्येक प्रकल्पाचा वेगळा अर्ज आपल्या केंद्रीय वीज प्राधिकरणाकडे करावा लागतो. भागधारक कोण, कर्ज कोणाचे, बांधकाम कोणी केले, सगळे त्यात येते. भारताशी जमिनीची सीमा असलेल्या आणि वीज सहकार्याचा करार नसलेल्या तिसऱ्या देशाचा पैसा त्यात नको, अशी अट आहे, म्हणजे चीनचा. व्यवहारात ठेकेदार चिनी असला तरी फाइल पुढे जात नाही. ४५६ मेगावॉटचा अप्पर तामाकोशी हा नेपाळने स्वतःच्या पैशांतून, लोकांना समभाग विकून उभारलेला प्रकल्प. बांधकामाचा ठेका चिनी कंपनीकडे होता, एवढ्यावर त्याची वीज आपण घेत नाही.

मंजुरी मिळाली की वीज एक्स्चेंजवर, म्हणजे भारतातल्या विजेच्या बाजारात, जाते. उद्याच्या विजेसाठी आज सकाळी १० ते १२ या वेळात, पंधरा-पंधरा मिनिटांच्या ९६ भागांसाठी बोली लावायची. सांगितले त्यापेक्षा कमी-जास्त वीज आली तर विचलनाचा आकार, म्हणजे दंड. डोंगरात रात्री ढगफुटी होऊन गाळ आला आणि टर्बाइन थांबवावे लागले तरी आकार चुकत नाही. हे नियम कडक असले तरी उघड आहेत, त्यांबद्दल तक्रार नाही. तक्रार मंजुरीच्या तारखेची आहे. मंजुरी ठरावीक काळापुरती असते. नूतनीकरणाचा अर्ज वेळेत गेला तरी उत्तर केव्हा येईल हे कोणी सांगत नाही. जुनी मंजुरी मंगळवारी संपली आणि नवी पुढच्या महिन्यात आली, तर मधल्या दिवसांत बोली लावताच येत नाही. पाणी सांडव्यावरून जाते, प्रवर्तकाचा बँकेचा हप्ता मात्र जात नाही. हिवाळ्यात आयातीचेही तेच. परवानगी काही महिन्यांपुरती, त्यामुळे वीरगंजच्या कारखानदाराला पुढच्या पाळीचे नियोजन करता येत नाही.

नोव्हेंबर २०२१ मध्ये पहिली मंजुरी फक्त ३९ मेगावॉटला मिळाली : त्रिशुली २४ आणि देवीघाट १५. दोन्ही भारताच्या मदतीने झालेले जुने प्रकल्प. जानेवारी २०२४ मध्ये दहा वर्षांत १०,००० मेगावॉट घेण्याचा करार झाला. नोव्हेंबर २०२४ मध्ये पहिल्यांदा आणि पुढे पावसाळ्याच्या महिन्यांत ४० मेगावॉट नेपाळी वीज भारतीय तारांवरून बांगलादेशला, युनिटला ६.४ अमेरिकी सेंट दराने. प्रगती मोठी आहे. पण दहा हजारांचा करार आणि प्रत्येक नूतनीकरणाला महिनोन्‌महिने हे एकत्र कसे चालणार? चिनी पैशाच्या अटीमागचे कारण आम्हाला मान्य आहे. आपल्या ग्रिडची सुरक्षा हा खेळ नाही. अट लावा, पण ती एका पानावर नीट लिहा : किती टक्के भागभांडवल, कोणते काम, कोणत्या तारखेनंतरचे ठेके. आणि अर्ज पूर्ण असेल तर साठ दिवसांत होय किंवा नाही. 'नाही' आले तरी चालेल, प्रवर्तक दुसरे गिऱ्हाईक पाहील. भिजत घोंगडे कोणालाच परवडत नाही.

सोयाबीनबद्दल मात्र आम्ही आपल्या शेतकऱ्याच्या बाजूने बोलणार आहोत, आणि ते नेपाळी मित्रांनाही तोंडावर सांगतो.

सप्टेंबर २०२४ मध्ये केंद्राने कच्च्या खाद्यतेलावरील शुल्क एकूण २७.५ टक्के आणि रिफाइंडवर ३५.७५ टक्के केले. हेतू लातूर-वाशीमच्या सोयाबीनला भाव मिळावा हा. हमीभाव क्विंटलला ४,८९२ रुपये होता आणि बाजार त्याच्या बराच खाली. पण दक्षिण आशियाई मुक्त व्यापार करारात नेपाळहून येणाऱ्या तेलावर शुल्क शून्य. मग काय होते? अर्जेंटिनाचे कच्चे सोया तेल कोलकाता-हल्दियाला उतरते, ट्रान्झिटने वीरगंज-विराटनगरच्या रिफायनरीत जाते, तिथे रिफाइन होऊन त्याच नाक्यातून परत येते. नेपाळात सोयाबीन नावापुरते पिकते. तिथल्या कारखान्याचा नफा म्हणजे आपल्या शुल्कातला फरक, दुसरे काही नाही. शुल्क वाढल्यावर ही आवक फुगली ती त्यामुळेच.

यावर उपाय नाके बंद करणे हा नव्हे. जानेवारी २०२० मध्ये रिफाइंड पामतेल अचानक 'प्रतिबंधित' यादीत टाकले गेले. निशाणा मलेशियावर असल्याचे तेव्हा सगळे बोलत होते. बुडाली नेपाळची निर्यात. वड्याचे तेल वांग्यावर, अगदी शब्दशः. त्याऐवजी २००२ च्या व्यापार करारात काय केले होते ते पाहा. वनस्पती तुपाचा असाच पूर आला होता. तेव्हा बोलणी करून वर्षाला १ लाख टन असा कोटा ठरला. ॲक्रिलिक धाग्याला १०,००० टन, झिंक ऑक्साइडला २,५०० टन. नेपाळ कुरकुरला, पण कारखानदाराला कळले की किती माल जाणार. सोया तेलालाही तसा कोटा लावा आणि त्यावरच्या मालाच्या उत्पत्तीच्या दाखल्याची २०२० च्या सीमाशुल्क नियमांनुसार तपासणी करा. बोलणी आंतर-सरकारी समितीत, सहा महिन्यांची पूर्वसूचना देऊन. शेतकरीही वाचेल आणि वीरगंजला 'पुन्हा नाकेबंदी' अशी बातमीही होणार नाही.

नेपाळातून बिहारात उतरणाऱ्या कोशी नदीबद्दल सांगलीच्या आणि कोल्हापूरच्या खासदारांना वेगळे समजावायला नको. पावसाळ्यात अलमट्टीचे दरवाजे किती उघडले हे आपण जसे विजापूरकडे डोळे लावून विचारतो, तसे सुनसरी आणि सप्तरीचे लोक कोशी बराजच्या (नदीवरच्या दरवाज्यांच्या बंधाऱ्याच्या) ५६ दरवाज्यांबद्दल विचारतात. फरक इतकाच की बराज उभा आहे नेपाळच्या जमिनीवर आणि चालवतो बिहारचा जलसंपदा विभाग. १९५४ चा करार, १९६६ मध्ये सुधारलेला, जमिनीचा पट्टा १९९ वर्षांचा. १८ ऑगस्ट २००८ रोजी कुसहाजवळ बांध फुटला तेव्हा नदीत पूर नव्हताच म्हणायला हवे. प्रवाह होता दीड लाख क्युसेकच्या आत आणि बांधाची रचना होती साडेनऊ लाखांची. फुटला तो देखभालीअभावी, आणि देखभाल कोणी करायची यावर पाटण्याने काठमांडूकडे आणि काठमांडूने पाटण्याकडे बोट दाखवले. बुडाले दोन्हीकडचे, बिहारमधले जास्त. सप्टेंबर २०२४ मध्ये ६.६१ लाख क्युसेक पाणी आले, तेव्हा बराज टिकला. दरवाज्यांची स्थिती आणि विसर्ग तासातासाला दोन्ही भाषांत जाहीर करणे हे खर्चाचे काम नाही. कृष्णा खोऱ्यात २०१९ च्या महापुरानंतर आपण हेच मागितले होते.

नकाशाच्या वादात आम्ही शिरत नाही. नेपाळ जिच्यावर हक्क सांगतो त्या लिपुलेख खिंडीतून व्यापार पुन्हा सुरू करायचे भारत आणि चीनने ऑगस्ट २०२५ मध्ये ठरवले. काठमांडूला आक्षेप असणार हे ठाऊक होते, तर आधी एक फोन करायला हवा होता, एवढेच. भैरहवा (२०२२) आणि पोखरा (२०२३) हे दोन आंतरराष्ट्रीय विमानतळ पश्चिमेकडून हवाई मार्ग न मिळाल्याने जवळपास ओस आहेत. गोरखपूरचा हवाईतळ जवळ असल्याची काळजी रास्त आहे, पण ती लेखी कळवा, उंची आणि वेळेच्या अटी घाला. गुरखा भरतीचे अग्निपथनंतर, म्हणजे ऑगस्ट २०२२ पासून, घोंगडे अडकले आहे.

एक प्रश्न मात्र महाराष्ट्राच्या खासदारांनीच विचारावा असा आहे. १९५० च्या करारासह सगळ्या द्विपक्षीय व्यवस्थेचा फेरविचार करण्यासाठी २०१६ मध्ये दोन्ही देशांचे चार-चार मान्यवर नेमले गेले. भारतीय बाजूचे प्रमुख होते भगतसिंह कोश्यारी, जे पुढे २०१९ ते २०२३ आपले राज्यपाल होते. गटाने २०१८ च्या मध्यात एकमताने अहवाल पुरा केला. तो अजून दोन्ही पंतप्रधानांनी स्वीकारलेला नाही. स्वतःच नेमलेल्या माणसांचा अहवाल हातात घ्यायलाही तयार नसणे, याचा अर्थ काठमांडूत काय लावला जातो हे सांगायला नको. अहवाल मान्य करू नका हवा तर. स्वीकारा, सभागृहाच्या पटलावर ठेवा आणि कोणती कलमे अमान्य ती सांगा.

तेव्हा नेमके काय करता येईल? तारांकित प्रश्नाला पंधरा दिवसांची पूर्वसूचना लागते, म्हणून अधिवेशनाआधीच ठरवावे लागेल. वाणिज्य मंत्रालयाला : मालदीवसारखा वार्षिक कोटा नेपाळला का नाही, आणि सोया तेलाच्या कोट्याचा प्रस्ताव आंतर-सरकारी समितीसमोर केव्हा ठेवणार. ऊर्जा मंत्रालयाला : गेल्या तीन वर्षांत नेपाळी प्रकल्पांचे किती अर्ज आले, प्रत्येकाला किती दिवस लागले, किती नाकारले आणि कोणत्या कारणाने. परराष्ट्र मंत्रालयाला : कोश्यारी गटाचा अहवाल. जलशक्तीला : कोशीच्या विसर्गाची तासागणिक माहिती. पहिल्या उत्तरात 'माहिती गोळा केली जात आहे' असे येईल. मंत्र्यांची आश्वासने तपासणाऱ्या संसदेच्या आश्वासन समितीकडे पाठपुरावा केला तरच दुसरे उत्तर मिळते.

शेवटचा मुद्दा रत्नागिरी आणि सिंधुदुर्गच्या खासदारांसाठी. हापूसच्या बागांत राखण, फवारणी, तोडणी करणारे हजारो नेपाळी कामगार आहेत, मच्छीमार ट्रॉलरवर खलाशी आहेत. घरी पैसे पाठवायला त्यांच्यासाठी रिझर्व्ह बँकेची भारत-नेपाळ निधी हस्तांतरण योजना आहे. खाते असेल तर एका वेळी २ लाख रुपयांपर्यंत, वर्षातल्या वेळांवर मर्यादा नाही. खाते नसेल आणि रोख भरायची असेल तर एका वेळी ५०,००० आणि वर्षात १२ वेळाच. तिकडे पैसे नेपाळ एसबीआय बँकेमार्फत मिळतात. ही योजना बागायतदाराला माहीत नाही, कामगाराला माहीत नाही, आणि तालुक्याच्या शाखेतल्या काउंटरवर बहुधा 'नेपाळी कागदपत्र चालत नाही' असे उत्तर मिळते. मग माणूस मे महिन्याच्या शेवटी कमरेला हंगामाची सगळी कमाई बांधून रेल्वेत बसतो आणि सीमेपर्यंत दोनदा लुटला जातो. जिल्हा अग्रणी बँकेच्या त्रैमासिक बैठकीला आपण निमंत्रित असता. पुढची बैठक हंगाम सुरू होण्याआधी, ऑक्टोबरमध्ये, येईल असे पाहा. कोणते ओळखपत्र चालेल याचे एक पान मराठीत आणि नेपाळीत छापून प्रत्येक शाखेत लावायला सांगा. याला दिल्लीची परवानगी लागत नाही.

कळावे, लोभ असावा.

आपले,
नेपाळशी व्यापार, वाहतूक आणि वीज या कामांत असलेले काही मराठी लोक